वीज केबल व प्रकाशतंतू : निवड, तपासणी आणि संरक्षण

परमपूज्य बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांचे नाव घेतले की आपणास संविधान आठवते, नागपूरची धम्मदीक्षा आठवते आणि आपल्या जिल्ह्यापुरते बोलायचे तर १९५४ साली भंडारा मतदारसंघातून त्यांनी लढविलेली लोकसभेची पोटनिवडणूक आठवते. परंतु १९४२ ते १९४६ या काळात व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सदस्य असताना वीज हा विषयही बाबासाहेबांकडे होता, ही गोष्ट फारशी सांगितली जात नाही. २५ ऑक्टोबर १९४३ रोजी नवी दिल्ली येथे युद्धोत्तर वीज विकासासाठीच्या धोरण समितीसमोर त्यांनी भाषण केले. वीज स्वस्त व मुबलक मिळाल्याशिवाय या देशाचे औद्योगिकीकरण होणार नाही आणि औद्योगिकीकरण झाल्याशिवाय दारिद्र्य हटणार नाही, असा त्याचा आशय होता. १९४४ मध्ये केंद्रीय तांत्रिक वीज मंडळ स्थापन झाले तेही त्यांच्याच कारकिर्दीत.

ती वीज आज गावोगावच्या विहारापर्यंत पोहोचली आहे. तिच्या मागोमाग काचेच्या तंतूतून इंटरनेटही ग्रामपंचायतीपर्यंत आले आहे. ही दोन्ही ज्या वस्तूतून येतात ती केबल मात्र आपण किंमत विचारून विकत घेतो, भिंतीत गाडतो आणि पुढील तीस वर्षे विसरून जातो. विहाराचे बांधकाम निघाले की फरशी कोणती बसवायची यावर समितीच्या तीन सभा होतात. वायर कोणती आणायची हे ठेकेदारावर सोडलेले असते. या प्रथेचा फेरविचार व्हावा म्हणून हा लेखनप्रपंच.

भंडारा जिल्ह्यात तरी हा विषय कोणास रुक्ष वाटू नये. ९ जानेवारी २०२१ च्या मध्यरात्रीनंतर भंडारा येथील जिल्हा सामान्य रुग्णालयाच्या नवजात शिशू कक्षात आग लागली. कक्षात १७ बाळे होती. ७ वाचली, १० दगावली. एका वॉर्मरच्या नियंत्रण पॅनेलमध्ये विद्युत बिघाडाने ठिणगी पडली, असे चौकशीनंतर सांगण्यात आले. मरण पावलेल्या दहा बाळांपैकी तीन भाजून गेली आणि सात धुराने गुदमरून गेली. त्या दुर्घटनेचा दोष केबलवर ठेवण्याचा येथे हेतू नाही, तसे कोणी सिद्धही केलेले नाही. परंतु तीन आणि सात हे आकडे ध्यानात ठेवावेत. ज्वाळेपेक्षा धूर अधिक बळी घेतो, आणि कोणत्याही इमारतीत भिंतीभिंतीतून फिरणारे प्लास्टिक म्हणजे विजेच्या वायरीचे वेष्टन होय. त्याकडे आपण पुढे वळू.

आधी केबल म्हणजे काय ते पाहू. मध्ये तांब्याचा किंवा ॲल्युमिनियमचा वाहक असतो. त्याभोवती वीज बाहेर येऊ न देणारे वेष्टन असते, आणि मोठ्या केबलीत त्यावर पोलादी तारांचे किंवा पट्टीचे चिलखत व सर्वांत बाहेर आणखी एक आवरण असते. घरगुती वायरीचे वेष्टन बहुधा पीव्हीसी या प्लास्टिकचे असते. ते ७० अंश सेल्सिअसपर्यंतचे तापमान सतत सोसू शकते. जमिनीखालील मोठ्या केबलीत एक्सएलपीई वापरतात, ते ९० अंशांपर्यंत टिकते. केबलीची सारी निवड या एका आकड्याभोवती फिरते, कारण तारेतून प्रवाह गेला की ती तापतेच आणि प्रवाह दुप्पट झाला की उष्णता चौपट होते.

एक उदाहरण घेऊ. विहाराच्या मीटरपासून मंडप ५० मीटर लांब आहे. ध्वनिक्षेपक, हॅलोजन, पंखे मिळून १० अँपिअर प्रवाह लागतो. दुकानात ज्याला "दीडची वायर" म्हणतात, म्हणजे दीड चौरस मिलिमीटर तांब्याची वायर, ती आपण ओढली. प्रमाणानुसार या मऊ वायरीचा रोध किलोमीटरला जास्तीत जास्त १३.३ ओहम असतो. जाणे-येणे मिळून वायर १०० मीटर, म्हणजे रोध १.३३ ओहम. वाटेतच १३ व्होल्ट खाली पडतात आणि १३३ वॅट उष्णता वायरीतच निर्माण होते. तेथे "चारची" वायर असती तर ५ व्होल्ट पडले असते आणि उष्णता ५० वॅटवर आली असती. वायर मोकळी पसरलेली असेल तर ही उष्णता हवेत जाते. पण उरलेली वायर गुंडाळी करून सतरंजीखाली सरकवून ठेवण्याची आपल्याकडे सवय आहे. तशा गुंडाळीत उष्णता कोंडते, वेष्टन मऊ पडते आणि समारंभ संपता संपता जळका वास येऊ लागतो. वासाचे खापर मात्र ॲम्प्लिफायरवर फुटते.

शिवाय वायरीची प्रवाहक्षमता सांगणारे भारतीय तक्ते हवेचे तापमान ४० अंश धरून तयार केलेले आहेत. आमचा भंडारा वैशाखात ४५ अंश ओलांडतो, आणि बुद्धपौर्णिमा वैशाखातच येते. ७० अंशांची मर्यादा असलेली वायर ४० अंशांच्या हवेत १०० भाग प्रवाह सोसत असेल तर ४५ अंशांत ती सुमारे ९१ भाग सोसते. टिनाच्या छताखाली, जेथे ५० अंश सहज होतात, तेथे ८२ भागच सोसते. ज्या दिवशी कूलर, पंखे व रोषणाई सर्वाधिक चालते नेमक्या त्याच दिवशी वायर सर्वांत दुबळी झालेली असते. म्हणून विदर्भात हिशेबाला जेवढी वायर पुरते तिच्या वरचा एक आकार घ्यावा, असे माझे स्पष्ट मत आहे. वर्गणीतून आलेल्या पैशाची ती उधळपट्टी ठरत नाही.

आता दुकानात काय पाहावे? घरगुती पीव्हीसी वायरीसाठी आयएस ६९४ हे भारतीय प्रमाण आहे. अशा वायरींना भारतीय मानक ब्युरोचे प्रमाणपत्र सक्तीचे आहे. वायरीच्या अंगावर ठरावीक अंतराने आयएसआय चिन्ह, त्यावर प्रमाणाचा क्रमांक आणि खाली सीएम/एल ने सुरू होणारा परवाना क्रमांक छापलेला असावा. फक्त खोक्यावर चिन्ह असून उपयोग नाही. हा परवाना क्रमांक खरा की खोटा हे मोबाईलवरील "बीआयएस केअर" या ॲपवर पाहता येते.

छपाईची नक्कल होऊ शकते, वजनाची सहसा होत नाही. दीड चौरस मिलिमीटर तांबे आणि ९० मीटरची गुंडाळी यांचा गुणाकार १३५ घनसेंटिमीटर होतो. तांब्याची घनता ८.९ धरली तर नुसत्या तांब्याचे वजन सुमारे १२०० ग्रॅम भरले पाहिजे. वेष्टनाचे वजन वेगळे. म्हणजे सारी गुंडाळीच १२०० ग्रॅम भरत असेल तर आत तांबे पुरेसे नाही हे उघड आहे. दुसरी परीक्षा धाग्यांची. मऊ दीडच्या वायरीत बहुधा ०.३ मिलिमीटर जाडीचे २२ धागे असतात, अडीचच्या वायरीत ३६. स्क्रू गेजने जाडी मोजून क्षेत्रफळ काढणे हा तर शाळेतला प्रयोग आहे. एखादा धागा ब्लेडने खरवडून पाहावा. आत पांढुरका धातू दिसला तर ती तांब्याचा मुलामा दिलेली ॲल्युमिनियमची तार समजावी.

आयटीआय व तंत्रनिकेतनातील आपल्या विद्यार्थ्यांनी याहून पुढे जावे. ९० मीटरच्या दीडच्या गुंडाळीचा रोध २० अंशांस १.२ ओहमपेक्षा अधिक नसावा. हा रोध साध्या मल्टिमीटरने विश्वासाने मोजता येत नाही, त्यासाठी ब्रिज लागतो आणि तो संस्थेच्या प्रयोगशाळेत असतो. मोजताना खोलीचे तापमान लिहून ठेवावे, कारण तांब्याचा रोध दर अंशाला सुमारे ०.३९ टक्के वाढतो. उन्हाळ्यात ४० अंशांच्या खोलीत चांगल्या वायरीचाही आकडा १.२९ येईल, आणि तेवढ्यावरून दुकानदाराशी भांडण काढणे अन्यायाचे होईल. विहारासाठी आणलेल्या वायरीची अशी तपासणी विद्यार्थ्यांनी करून तिचा अहवाल समितीला दिला तर समितीचा पैसा वाचेल आणि विद्यार्थ्यांचा हातही बसेल.

वायर योग्य घेतली तरी तिचा रक्षक हवा. एमसीबी हे बटन पंख्याचे किंवा फ्रिजचे रक्षण करते अशी समजूत आहे. वास्तविक ते भिंतीतल्या वायरीचे रक्षण करते. म्हणून एमसीबीचा आकडा वायरीच्या क्षमतेवरून ठरतो, उपकरणांच्या हौसेवरून ठरत नाही. पाहुणे आले, कूलर वाढले, १६ अँपिअरचा एमसीबी वारंवार पडू लागला की कोणीतरी शहाणा त्या जागी ३२ चा बसवितो. बटन पडणे थांबते, सर्वजण समाधानी होतात आणि भिंतीतल्या त्याच वायरीतून आता चौपट उष्णता निघण्याची मोकळीक मिळते. पूर्वीच्या किटकॅट फ्यूजमध्ये जाड तार गुंडाळण्याचा जो प्रकार होता त्याचाच हा सुधारित अवतार म्हणावा लागेल. एका विहारात मी फ्यूजच्या जागी चक्क सायकलची स्पोक पाहिली आहे. ती बसविणाऱ्याला वीज खंडित होऊ न देण्याचा केवढा अभिमान होता!

एमसीबी माणसाला वाचवीत नाही हेही समजून घ्यावे. माणसाच्या शरीरातून जाणारा काही मिलिअँपिअरचा घातक प्रवाह त्याच्या खिजगणतीतही नसतो. त्यासाठी आरसीसीबी लागतो. फेजमधून गेलेला व न्यूट्रलमधून परतलेला प्रवाह यांत ३० मिलिअँपिअरचा फरक पडला की तो क्षणार्धात पुरवठा तोडतो. सोबत नीट अर्थिंग असावे. पाण्याची मोटार, कूलर आणि मंडपातील लोखंडी खांब या तीन जागांसाठी तरी आरसीसीबीवाचून वीज घेऊ नये. धानाच्या बांधीत मोटारपंप चालविणाऱ्या शेतकऱ्यांनी विहिरीत सोडलेल्या केबलीचा जोड पाण्यात येणार असेल तर तो साध्या चिकटपट्टीने करू नये. त्यासाठी जलरोधक जोडसाहित्य मिळते.

आता धुराकडे वळू. पीव्हीसी रेझिनच्या वजनात निम्म्याहून अधिक क्लोरीन असतो. ते जळताना हायड्रोजन क्लोराइड वायू निघतो. हा वायू डोळ्यांतील व घशातील ओलाव्याला लागला की त्याचे आम्ल होते. माणूस आधी आंधळा होतो, मग दाराची दिशा चुकतो. म्हणून वायरीच्या वर्गांत फरक केला जातो. एफआर म्हणजे सहज न पेटणारी. तिच्या वेष्टनाला जळत राहण्यासाठी किमान २९ टक्के ऑक्सिजन लागतो, आणि आपल्या हवेत तो २१ टक्केच असतो. एफआरएलएस म्हणजे त्याशिवाय धूर कमी करणारी. तिच्यात आम्लवायूचे प्रमाण २० टक्क्यांच्या आत ठेवावे लागते. तिसरी हॅलोजनविरहित, जिच्या वेष्टनात क्लोरीन घातलेलाच नसतो. तिच्यासाठी २०१८ मध्ये आयएस १७०४८ हे स्वतंत्र प्रमाण आले. घराला एफआर किंवा एफआरएलएस पुरते. परंतु जेथे माणसे स्वतःहून उठून पळू शकत नाहीत, जसे रुग्णालय, पाळणाघर, वृद्धाश्रम, अथवा जेथे एका दरवाजातून शेकडो माणसे बाहेर पडायची असतात, जसे वसतिगृह, सभागृह व विहार, तेथे हॅलोजनविरहित वायरच घ्यावी असे मी म्हणेन. ती महाग पडते हे खरे आहे. परंतु संपूर्ण बांधकामाच्या खर्चात हा फरक किती हे एकदा कागदावर मांडून पाहिल्याशिवाय ती नाकारू नये. त्याचबरोबर एका खोलीतून दुसऱ्या खोलीत केबल नेण्यासाठी भिंतीला पाडलेली भोके उघडी ठेवू नयेत. धुराला तेवढी वाट पुरते. ती अग्निरोधक मसाल्याने बुजवून घ्यावीत.

जुन्या वायरींची तपासणी मेगर या यंत्राने होते. ५०० व्होल्टचा एकदिश दाब वायर व अर्थ यांच्यामध्ये एक मिनिट लावून वेष्टनाचा रोध मोजतात. १९५६ च्या भारतीय वीज नियमांपासून आजतागायत तो किमान १ मेगओहम असावा अशी अट आहे. तपासणीपूर्वी मुख्य स्विच बंद करून बल्ब, पंखे व इलेक्ट्रॉनिक उपकरणे काढून ठेवावी लागतात, एरवी उपकरणे तरी जळतात किंवा आकडा तरी खोटा येतो. ऑगस्ट २०२० च्या अखेरीस वैनगंगेला महापूर येऊन भंडारा शहराच्या वस्त्यांत पाणी शिरले होते. अशा वेळी पाणी ओसरले, भिंती वरून कोरड्या दिसल्या की लोक मुख्य स्विच चालू करतात. परंतु नळीतील पाणी भिंतीइतके लवकर वाळत नाही. पूर येऊन गेलेल्या घरात मेगर लावल्याशिवाय वीज सुरू करू नये. आणि मोजलेला आकडा तारखेसह वहीत लिहावा. एकदाच मोजलेल्या आकड्याला फारसा अर्थ नसतो. गेल्या वर्षी ५० मेगओहम, यंदा ८, असा उतार दिसला की अजून नियमात बसत असूनही वायर म्हातारी होत आहे हे कळते.

येथवर तांब्याची कथा झाली. काचेची कथा निराळी आहे. प्रकाशतंतूत वीज नसते, त्यामुळे तो तापत नाही, ठिणगी टाकत नाही आणि शेजारच्या वीजवाहिनीचा त्याला उपद्रव होत नाही. १९५४ मध्ये पंजाबातील मोगा येथे जन्मलेले नरिंदरसिंग कपानी यांनी लंडनमध्ये हॉपकिन्स यांच्यासह काचतंतूंच्या जुडग्यातून प्रतिमा वाहून नेण्याचे संशोधन प्रसिद्ध केले. १९६६ मध्ये चार्ल्स काव यांनी काच पुरेशी शुद्ध केली तर संदेश दूरवर नेता येईल हे मांडले. त्यांना २००९ चा नोबेल पुरस्कार मिळाला. भारतात स्थानिक टेलिफोन केंद्रे जोडणारी पहिली प्रकाशतंतू यंत्रणा १९७९ मध्ये आपल्या महाराष्ट्रात, पुणे येथे सुरू झाली.

तंतूची काच १२५ मायक्रॉन जाड असते, म्हणजे मिलिमीटरचा आठवा भाग. प्रत्यक्ष प्रकाश जातो तो गाभा अवघा ९ मायक्रॉनचा. हा प्रकाश डोळ्यांना न दिसणारा अवरक्त असतो. म्हणून कनेक्टरमध्ये डोळा घालून "लाईट येतो का" पाहण्याचा प्रकार कटाक्षाने टाळावा. काही दिसत नाही आणि डोळ्याला इजा मात्र होऊ शकते. तंतू कापताना उडालेले तुकडे चिकटपट्टीने गोळा करून बंद डबीत टाकावेत. ते कातडीत शिरले तर सापडत नाहीत.

तांब्याच्या केबलीचे आरोग्य मेगर सांगतो, तसे तंतूचे ओटीडीआर हे यंत्र सांगते. ते प्रकाशाचा क्षणिक झोत आत सोडते आणि परत आलेल्या अंधुक प्रकाशाचा वेळ मोजते. काचेत प्रकाश सेकंदाला सुमारे २ लाख किलोमीटर जातो. परतायला १०० मायक्रोसेकंद लागले तर जाऊन-येऊन २० किलोमीटर, म्हणजे तुटलेली जागा १० किलोमीटरवर आहे. विहिरीत खडा टाकून पाण्याची खोली अजमावण्यासारखाच हा हिशेब आहे. १५५० नॅनोमीटरच्या प्रकाशाला किलोमीटरमागे सुमारे ०.२ डेसिबल घट होते. ४० किलोमीटरला ८ डेसिबल आणि दर दोन किलोमीटरला एक याप्रमाणे वीसेक जोडांचे प्रत्येकी ०.०५ धरून १ डेसिबल, अशी एकूण ९ डेसिबल घट होईल. दर ३ डेसिबलला प्रकाश निम्मा होतो, म्हणजे शेवटी आठवा हिस्सा उरतो, आणि तेवढा पुष्कळ झाला. पण एखाद्या ठिकाणी तंतू अंगठीएवढ्या वळणात दुमडला तर तेवढ्याने सारे गणित बिघडते. घरात इंटरनेट घेताना साध्या तंतूऐवजी वळण सोसणारा जी ६५७ जातीचा तंतू मागावा आणि दाराच्या फटीतून तो चेपून नेऊ देऊ नये.

ऑक्टोबर २०११ मध्ये केंद्र सरकारने अडीच लाख ग्रामपंचायती प्रकाशतंतूने जोडण्याची योजना मंजूर केली. २०१५ पासून ती भारतनेट म्हणून ओळखली जाते. तुमसरपासून लाखांदूरपर्यंतच्या आपल्या सातही तालुक्यांतील ग्रामपंचायती त्या योजनेच्या कक्षेत येतात. शिष्यवृत्तीचा अर्ज, जात पडताळणी, सातबारा हे सारे आता या तंतूवर अवलंबून आहे. त्यामुळे तंतू तुटला की शिष्यवृत्तीची शेवटची तारीख हुकते ती आपल्याच मुलांची.

आणि तो तुटतो बहुतेक वेळा फावड्याने किंवा जेसीबीने. दूरसंचार केबल पॉलिथिनच्या जाड नळीतून साधारण १.६५ मीटर खोल नेण्याचा दंडक आहे. वीज केबलीसाठी आयएस १२५५ नुसार कमी दाबाला ०.७५ मीटर, ११ केव्हीला ०.९ मीटर आणि ३३ केव्हीला १.०५ मीटर खोली धरतात. खाली-वर वाळू आणि त्यावर विटांचा थर देतात, जेणेकरून कुदळ आधी विटेवर आपटावी. नळयोजनेचे किंवा नालीचे खोदकाम करताना ओळीने मांडलेल्या विटा, रंगीत पट्टी किंवा वाळूचा पट्टा दिसला की यंत्र थांबवून पुढे हाताने खणावे. बेशिस्त खोदकामामुळे देशात दरवर्षी सुमारे ३००० कोटी रुपयांचे नुकसान होते, असे केंद्र सरकारने सांगितले आहे. २२ मार्च २०२३ रोजी त्यासाठी "कॉल बिफोर यू डिग" हे ॲप सुरू झाले. खोदणाऱ्याने आधी त्यावर सूचना द्यायची आणि त्या जागेखाली ज्यांच्या वाहिन्या आहेत त्यांनी त्याला कळवायचे अशी ती व्यवस्था आहे. ग्रामपंचायतीत निवडून आलेल्या आपल्या सभासदांनी कामाचा आदेश देताना ठेकेदाराकडून ही सूचना दिल्याचा पुरावा मागावा. तांबे समजून प्रकाशतंतूची केबल कापून नेणाऱ्यांनाही एवढे सांगावे की तिच्यात विकण्याजोगे काहीच नसते.

कायद्याविषयी थोडे. १९१० चा भारतीय वीज कायदा जाऊन वीज अधिनियम २००३ आला. १९५६ च्या नियमांची जागा केंद्रीय विद्युत प्राधिकरणाच्या २०१० च्या आणि पुढे २०२३ च्या सुरक्षा विनियमांनी घेतली. जून २००५ मध्ये वीज मंडळाचे विभाजन होऊन महावितरण आली. परंतु एक तत्त्व कायम राहिले. वायरिंगचे काम परवानाधारक विद्युत ठेकेदाराकडूनच करून घ्यावे लागते आणि त्याचा चाचणी अहवाल द्यावा लागतो. हा अहवाल अनेकदा जागेवर न जाता भरला जातो हे सर्वांना ठाऊक आहे. समितीने ठेकेदारास सांगावे की मेगर आमच्यासमोर लावा, मगच आमची सही. राज्य शासनाचे विद्युत निरीक्षक हे वीज कंपनीपासून वेगळे अधिकारी आहेत. जीवघेण्या अपघाताची खबर २४ तासांत द्यावी लागते. पुढे चौकशी होऊन निरीक्षकांचा अहवाल तयार होतो आणि नुकसानभरपाईचा दावा त्यावर उभा राहतो.

ही बाब मी मुद्दाम लिहितो, कारण खांबावर चढणाऱ्या कंत्राटी मदतनिसांत आपली मुले पुष्कळ आहेत. लेखी परमिट घेतल्याशिवाय, तार अर्थ केल्याशिवाय आणि रबरी हातमोज्यांशिवाय लाईनला हात लावू नये. साहेबांनी फोनवर "बंद केली आहे, चढ" म्हटले तरी लावू नये. दुसऱ्या बाजूने कोणाच्या जनित्राची वीज उलटी आलेली असू शकते. अपघात झालाच तर कुटुंबाने पंचनाम्याची व निरीक्षकांच्या अहवालाची प्रत लेखी अर्ज करून मागावी. त्याचप्रमाणे रानडुकरांसाठी शेताच्या धुऱ्यावर वीज सोडलेली तार लावणे हा गुन्हा तर आहेच, शिवाय रात्री पाणी द्यायला निघालेला शेजारी तिच्यावर पडतो.

शेवटी भीमजयंतीची मिरवणूक. १३ एप्रिल २०२३ च्या रात्री विरार येथे जयंतीच्या मिरवणुकीच्या रथावरील लोखंडी सळई वीजयंत्रणेला लागून तरुण कार्यकर्त्यांचा बळी गेला. नियमानुसार रस्ता ओलांडणारी कमी दाबाची तार जमिनीपासून किमान ५.८ मीटर, म्हणजे १९ फूट उंच असावी, आणि ११ केव्हीची ६.१ मीटर, म्हणजे २० फूट. परंतु रस्त्यावर डांबराचे थर चढतात, उन्हाने तार झोळ धरते, आणि हे अंतर घटते. ट्रॅक्टरची ट्रॉली, तिच्यावर मंच, त्यावर प्रतिमा, वर छत्र आणि छत्रावर उभे राहून निळा ध्वज फडकविणारा तरुण, अशी बेरीज केली तर ती १९ फुटांच्या फार मागे राहत नाही. रथाची उंची ध्वजासह टेपने मोजावी व १४ फुटांच्या आत ठेवावी. ध्वजाला लोखंडी पाईप लावू नये. मिरवणुकीच्या आठ दिवस आधी मार्ग व वेळ लिहून महावितरणच्या उपविभागीय कार्यालयात अर्ज द्यावा आणि त्या वेळेपुरता पुरवठा बंद ठेवण्याची लेखी विनंती करावी. आदल्या दिवशी दोन जाणत्यांनी मार्ग पायी फिरून लोंबणाऱ्या तारांच्या जागा लिहून घ्याव्यात.

हल्ली विजेच्या खांबांवरूनच टीव्हीच्या व इंटरनेटच्या काळ्या केबली ओढलेल्या असतात. आता कमी दाबाची वीजही कित्येक ठिकाणी तशाच काळ्या पिळाच्या केबलीतून नेतात. खालून पाहता दोन्ही सारख्याच दिसतात. "ती फायबरची आहे, काही होत नाही" असे म्हणत बांबूने केबल उचलून रथ पुढे काढण्याचा प्रकार मी स्वतः पाहिला आहे. बांबू ओला असेल, केबलीचे वेष्टन उन्हाने तडकलेले असेल, तर तो उचलणारा पुन्हा घरी जाईलच असे नाही. अशी केबल आडवी आली तर लाईनमनला बोलवावे आणि तो येईपर्यंत रथ आहे तेथेच उभा ठेवावा. तेवढा वेळ भीमगीते चालू राहिली तर कोणाचीच हरकत नसावी.